नेमणुकीची तारीख आणि नोकरीचे मोल

चेन्नईच्या नुंगम्बाक्कम भागात कॉलेज रोडवर शालेय शिक्षण खात्याचे प्रशस्त आवार आहे. त्याला आता द्रमुकचे दिवंगत नेते के. अन्बळगन यांचे नाव देण्यात आले असले, तरी शहर त्याला अजून ‘डीपीआय’ याच नावाने ओळखते. २०२२ च्या डिसेंबरअखेर या आवारात सरकारी शाळांतील प्राथमिक वर्गांचे शिक्षक उपोषणाला बसले होते. त्यांची मागणी सरसकट पगारवाढीची नव्हती. शेजारच्या वर्गात तेच पुस्तक, तितकेच तास शिकवणाऱ्या सहकाऱ्याला जे मूळ वेतन मिळते ते आपल्यालाही मिळावे, एवढेच त्यांचे म्हणणे होते. दोघांची पात्रता एक, पद एक, कामही एक. फरक नेमणुकीच्या तारखेचा. ३१ मे २००९ पर्यंत रुजू झालेले एका बाजूला आणि १ जून २००९ पासून पुढे रुजू झालेले दुसऱ्या बाजूला.

हा फरक पडला कसा, हे पाहण्यासारखे आहे. कारण त्यात कोणाचा दुष्ट हेतू दिसत नाही, दिसते ते निव्वळ गणित. १ जून २००९ रोजी तामिळनाडू सरकारने सहाव्या केंद्रीय वेतन आयोगाच्या धर्तीवर नव्या वेतनश्रेणींचा आदेश काढला. आधीपासून सेवेत असलेल्यांच्या ४,५०० रुपयांच्या मूळ वेतनाला १.८६ ने गुणण्यात आले आणि ते ८,३७० रुपयांवर गेले. नव्याने येणाऱ्यांना मात्र नव्या वेतनपट्ट्याच्या तळाशी, म्हणजे ५,२०० रुपयांवर बसवण्यात आले. २,८०० रुपयांचा ग्रेड पे दोघांनाही सारखाच. तफावत उरली ३,१७० रुपयांची. महागाई भत्ता मूळ वेतनाच्या टक्केवारीने मिळतो, त्यामुळे ती दर सहामाहीला वाढत गेली. २०१७ मध्ये सातव्या वेतन आयोगाच्या धर्तीवर साऱ्यांच्या वेतनाला २.५७ ने गुणण्यात आले, तेव्हा तफावतीलाही तोच गुणक लागला आणि ती आठ हजारांच्या पुढे गेली. आजारावर औषध द्यावे आणि त्याच मात्रेने आजारही वाढावा, असा हा प्रकार आहे. उपोषणाची सांगता १ जानेवारी २०२३ रोजी झाली, ती समिती नेमण्याच्या घोषणेने. पुढच्या शरद ऋतूत हेच शिक्षक पुन्हा त्याच आवारात होते.

दिल्लीत प्रशासकीय सुधारणांची चर्चा सुरू झाली की ती बहुधा वरच्या मजल्यावरच्या नोकऱ्यांभोवती फिरते. ऑगस्ट २०२४ मध्ये केंद्रीय लोकसेवा आयोगाने ४५ वरिष्ठ पदे बाहेरच्या तज्ज्ञांमधून थेट भरण्याची जाहिरात दिली, आरक्षणाच्या प्रश्नावरून गदारोळ झाला आणि तीन दिवसांत ती जाहिरात मागे घेण्याची वेळ सरकारवर आली. त्या ४५ पदांवर जितकी शाई खर्ची पडली, तिच्या दशांशही राज्यांच्या शिक्षक, परिचारिका, कारकून आणि ग्राम अधिकाऱ्यांच्या वाट्याला येत नाही. वास्तविक सामान्य नागरिकाला सरकार भेटते ते यांच्याच रूपाने. भरती आणि वेतन आधुनिक करणे म्हणजे नेमके काय, याचा सर्वांत जुना आणि सर्वांत उद्बोधक प्रयोग तामिळनाडूत झाला आहे. त्याचा पहिला अध्याय, मराठी वाचकाला जरा अवघडल्यासारखे वाटेल, पण मराठी माणसांविषयीच आहे.

एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात मद्रास इलाख्याच्या महसूल खात्यात जिल्हाधिकारी इंग्रज असे आणि त्याच्या हाताखालचा ‘हुजूर शिरस्तेदार’ बहुधा देशस्थ ब्राह्मण असे. अनेक जिल्ह्यांत जमिनीचे हिशेब मराठीत, मोडी लिपीत ठेवले जात. तेलुगू वा तामिळ रयतेला ते वाचता येत नसत आणि साहेबालाही येत नसत. जो हिशेब जाणतो तोच नोकरी देतो, आणि जो नोकरी देतो तो आपल्याच भाच्या-पुतण्यांना हिशेब शिकवतो, असे ते चक्र होते. अखेर १८५० च्या दशकात महसूल मंडळाने स्थायी आदेश काढला. दुय्यम पदे काही मोजक्या वजनदार घराण्यांची मिरास होऊ नयेत, ती जिल्ह्यातील प्रमुख जातींमध्ये विभागली जावीत, असा त्याचा आशय होता. देशात सरकारी नोकरभरतीचे सामाजिक नियमन करणाऱ्या अगदी आरंभीच्या आदेशांपैकी हा एक. तो ज्या मक्तेदारीविरुद्ध निघाला, तिच्यात मराठीभाषकांचा वाटा मोठा होता.

याच समाजाने टी. माधवराव यांच्यासारखा प्रशासकही दिला, हे विसरून चालणार नाही. कुंभकोणमला १८२८ साली जन्मलेले, मद्रासला शिकलेले माधवराव तेथील महालेखापाल कार्यालयात नोकरीला होते. पुढे त्रावणकोर, इंदूर आणि बडोदा अशा तीन संस्थानांचे दिवाणपद त्यांनी भूषवले. गुणवत्ता होती, यात शंका नाही. पण ती शोधण्याची जाळी इतक्या लहान तळ्यात टाकली जात होती की बाहेरची गुणवत्ता कोणाला दिसण्याचा प्रश्नच नव्हता.

जस्टिस पार्टीने हे तळे मोठे करण्याचे राजकारण केले. १९२१ चा ‘कम्युनल जी. ओ.’ आणि १९२७-२८ मध्ये झालेली त्याची प्रत्यक्ष अंमलबजावणी यांतून बारा जागांचा क्रम ठरला. पाच ब्राह्मणेतर हिंदूंना, दोन ब्राह्मणांना, दोन मुस्लिमांना, दोन अँग्लो-इंडियन व ख्रिश्चनांना आणि एक दलितांना. लगोलग १९२९ मध्ये प्रांतिक विधिमंडळाच्या कायद्याने मद्रास सेवा आयोग स्थापन झाला. देशातला हा पहिला प्रांतिक आयोग. केंद्रातील आयोगाला तेव्हा जेमतेम तीन वर्षे झाली होती आणि मुंबई प्रांताला अशा आयोगासाठी १९३७ पर्यंत थांबावे लागले. परीक्षा आणि प्रतिनिधित्व या एकमेकींच्या वैरिणी आहेत, अशी मांडणी आज सर्रास केली जाते. मद्रासमध्ये मात्र त्या जवळजवळ एकाच वेळी, एकाच राजकीय प्रवाहातून जन्मल्या. आयोगाने वशिला तोडला, क्रमवारीने मक्तेदारी तोडली. सर्वोच्च न्यायालयाने १९५१ मध्ये ती क्रमवारी रद्दबातल ठरवली, त्यावर पहिली घटनादुरुस्ती झाली, आणि राज्याचे ६९ टक्के आरक्षण १९९४ मध्ये नवव्या परिशिष्टात पोहोचले, हा पुढचा इतिहास परिचित आहे. बारा जागांच्या त्या क्रमाची आज दोनशे बिंदूंची नामावली झाली आहे.

प्रवेशद्वारावरची ही व्यवस्था आजही बऱ्यापैकी शाबूत आहे. अर्थात, दारावरची गर्दी पाहिली की छाती दडपते. २४ जुलै २०२२ रोजी तामिळनाडू लोकसेवा आयोगाने ‘गट ४’ची परीक्षा घेतली. कनिष्ठ सहायक, टंकलेखक आणि आपल्याकडील तलाठ्याच्या जोडीचा ग्राम प्रशासकीय अधिकारी अशी ही पदे. पात्रता दहावी. जाहिरात ७,३०१ जागांची आणि अर्ज जवळपास २२ लाख. निकाल लागला २४ मार्च २०२३ रोजी, म्हणजे बरोबर आठ महिन्यांनी. दरम्यान जागा वाढवण्यात आल्या, तरी प्रमाणात फारसा फरक पडला नाही. जुलै २०२५ च्या परीक्षेला ३,९३५ जागांसाठी सुमारे १४ लाख अर्ज आले. पुण्यातल्या सदाशिव पेठेतील अभ्यासिका ज्यांनी पाहिल्या आहेत, त्यांना या आकड्यांमागचे चेहरे वेगळे सांगायला नकोत.

या विश्वासालाही एकदा तडा गेला. सप्टेंबर २०१९ च्या ‘गट ४’ परीक्षेत रामनाथपुरम जिल्ह्यातील रामेश्वरम आणि किळक्करै या दोन केंद्रांवरील उमेदवारांनी गुणवत्ता यादीच्या वरच्या टोकाला संशयास्पद गर्दी केल्याचे लक्षात आले. चौकशीत निष्पन्न झालेली युक्ती एखाद्या रहस्यकथेत शोभावी अशी होती. काही वेळाने उडून जाणाऱ्या शाईने उत्तरे भरायची, वाटेत उत्तरपत्रिका गाठून तिच्यावर अचूक उत्तरे उमटवायची. जानेवारी २०२० मध्ये आयोगाने ९९ उमेदवारांवर आजन्म बंदी घातली. विशेष म्हणजे ही चोरी ध्यानात आली ती इतर उमेदवारांनी निकालाची छाननी करून तक्रारी केल्यामुळे. ज्या राज्यात आयोगाच्या निकालाला साऱ्या गावाचा निकाल मानतात, तेथेच हे शक्य होते.

चेन्नईत राहणाऱ्या मराठी कुटुंबांच्या दृष्टीने या दारावर अलीकडे एक नवा उंबरठा बसला आहे. डिसेंबर २०२१ च्या आदेशाने आयोगाच्या परीक्षांत तामिळ भाषेची पात्रता चाचणी सक्तीची झाली. तीत किमान ४० टक्के गुण नसतील, तर उमेदवाराचे बाकीचे गुण विचारातच घेतले जात नाहीत. त्याआधी भाषा न येणाऱ्याला नोकरीत आल्यावर ती शिकण्यास मुदत मिळत असे. राज्याच्या भूमिकेत गैर काही नाही. ज्या रयतेचे काम करायचे तिची भाषा यायलाच हवी, आणि मोडीतल्या हिशेबांची आठवण असलेल्या प्रदेशाने तर हा आग्रह धरावाच. सौकारपेटेत सोने-चांदी गाळण्याच्या व्यवसायात असलेल्या, खानापूर-विटा-आटपाडी परिसरातून आलेल्या गलाई व्यावसायिकांच्या घरात मुले रस्त्यावर सफाईदार तामिळ बोलतात. पण हिंदी वा इंग्रजी माध्यमाच्या शाळेत लिहिलेली तामिळ त्यांना परीक्षेला पुरेल का, याचा विचार पालकांनी दहावीनंतर नव्हे, तर पहिलीतच करायला हवा. जातीच्या दाखल्याचा प्रश्न याहून अवघड आहे. अनुसूचित जाती-जमातींचा दर्जा राज्य बदलल्यावर सोबत येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९० मध्येच स्पष्ट केले आहे. साताऱ्या-सांगलीहून आलेल्या दलित कुटुंबातील मुलगा चेन्नईत जन्मला, वाढला, तरी तेथील भरतीत तो खुल्या गटातच मोजला जातो. उलट, तामिळनाडूच्या मागासवर्गीयांच्या यादीत ब्राह्मणेतर मराठ्यांचा, नामदेव मराठ्यांसह, समावेश फार पूर्वीपासून आहे. तंजावरकडच्या जुन्या मराठी कुटुंबांना त्याचा उपयोग होतो. महाराष्ट्रात ज्या मागणीसाठी मोर्चांचे समुद्र लोटले, ती गोष्ट तेथे यादीतली एक साधी ओळ आहे.

दाराची कथा ही अशी. दाराच्या आतील कथा वेगळी आहे आणि तिचे वळण २००१ ते २००६ या काळात ठरले. २००१ मध्ये अण्णा द्रमुक सत्तेवर आला तेव्हा तिजोरी रिकामी असल्याचे सांगण्यात आले. नोव्हेंबर २००१ मध्ये नोकरभरतीवर बंदी आली, ती २००६ च्या फेब्रुवारीपर्यंत टिकली. निवृत्तिलाभ आणि सवलतींना कात्री लागली. १ एप्रिल २००३ नंतर रुजू होणाऱ्यांसाठी हमी असलेले निवृत्तिवेतन बंद होऊन अंशदायी योजना आली. केंद्राने हाच बदल १ जानेवारी २००४ पासून आणि महाराष्ट्राने १ नोव्हेंबर २००५ पासून केला, हे लक्षात घेतले म्हणजे तामिळनाडू येथेही पुढेच होता, असे म्हणावे लागेल. २ जुलै २००३ रोजी राज्य कर्मचारी आणि शिक्षक बेमुदत संपावर गेले. दोन दिवसांत सरकारने अत्यावश्यक सेवा कायद्यात वटहुकमाने दुरुस्ती केली आणि चौकशीविना बडतर्फीचा अधिकार स्वतःकडे घेतला. त्यानंतर जे घडले त्याला देशाच्या इतिहासात तोड नाही. सुमारे १ लाख ७० हजार कर्मचारी आणि शिक्षक लेखणीच्या एका फटकाऱ्याने नोकरीतून काढले गेले.

महाराष्ट्रातील जुन्या कर्मचाऱ्यांना येथे १९७७-७८ चा ५४ दिवसांचा संप आठवेल. केंद्राप्रमाणे महागाई भत्ता मिळावा यासाठी र. ग. कर्णिक यांच्या नेतृत्वाखाली तो लढला गेला. त्या वेळी सरकार आणि संघटना दोघेही थकून वाटाघाटीच्या टेबलावर आले. जयललिता यांना टेबलाची गरज वाटली नाही. रिकाम्या झालेल्या खुर्च्यांवर ठोक पगारावर हंगामी माणसे बसवण्यासाठी अर्ज मागवण्यात आले आणि सेवायोजन कार्यालयांपुढे बेरोजगार तरुणांच्या रांगा लागल्या. या रांगांनीच संपाचे कंबरडे मोडले, असे म्हणायला जागा आहे. दीड वर्षांहून अधिक काळ भरती बंद असलेल्या राज्यात कर्मचाऱ्याच्या दुःखात सामील व्हायला बेकार तरुण का येईल? बडतर्फ शिक्षक आणि रांगेतला पदवीधर कित्येकदा एकाच घरातले असत, ही त्यातली शोकांतिका.

प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. न्या. एम. बी. शाह आणि न्या. ए. आर. लक्ष्मणन यांच्या खंडपीठाने बहुसंख्य कर्मचाऱ्यांना बिनशर्त माफी आणि लेखी हमीच्या अटीवर कामावर परत घेण्याचा मार्ग मोकळा करून दिला; मात्र ६ ऑगस्ट २००३ च्या निकालात सरकारी कर्मचाऱ्यांना संपाचा मूलभूत, कायदेशीर वा नैतिक, कोणताच अधिकार नाही, असे बजावले. त्या खटल्याचे अर्जदार टी. के. रंगराजन हे मार्क्सवादी कामगार नेते पुढे २००८ मध्ये राज्यसभेवर आले. त्यांच्या नावाने ओळखला जाणारा निकाल त्यांच्याच चळवळीविरुद्ध आजही प्रत्येक राज्याचा महाधिवक्ता न्यायालयात वाचून दाखवतो.

पण राजकारणाचे न्यायालय निराळे असते. मे २००४ च्या लोकसभा निवडणुकीत राज्यातील ३९ पैकी एकही जागा अण्णा द्रमुक आणि भाजपच्या युतीला मिळाली नाही. पराभवाचे श्रेय एकट्या कर्मचाऱ्यांना देणे चूक ठरेल. द्रमुकने बांधलेली आघाडीच भक्कम होती. तरी निकालानंतर आठवड्याच्या आत जयललिता यांनी जे अनेक निर्णय फिरवले, त्यांत कर्मचाऱ्यांवरील कारवाया होत्या, यावरून त्यांनी स्वतः काय निष्कर्ष काढला ते उघड आहे. तेव्हापासून द्रविड पक्षांनी एक धडा कायमचा गिरवला: सेवेत असलेल्या माणसाला हात लावायचा नाही. काटकसर करायची ती अजून न आलेल्या माणसाच्या खर्चाने. अंशदायी निवृत्तिवेतनाची योजना २००६ मध्ये आलेल्या करुणानिधी सरकारनेही मागे घेतली नाही, याचे कारण हेच. ज्यांचे नुकसान व्हायचे होते, त्यांच्यापैकी बहुतेक तेव्हा मतदार असले तरी कर्मचारी नव्हते. आणि संघटनेचे वर्गणीदार तर मुळीच नव्हते. संघटनांचाही यात दोष आहे. नव्या माणसाच्या पानातले वाढलेले काढून घेतले जात असताना जुने सभासद आपल्या पानाकडे पाहत बसले.

नेमणुकीच्या तारखेवरून पगार ठरू लागला तो या धड्यातून. त्याची पुढची पायरी म्हणजे वेतनश्रेणीच टाळायची. २०१२ मध्ये तामिळनाडूने वैद्यकीय सेवांसाठी स्वतंत्र भरती मंडळ स्थापन केले. कल्पना उत्तम, परीक्षा चोख, आरक्षणाचे नियम पाळलेले. २०१५ मध्ये या मंडळाने परीक्षा घेऊन सात हजारांहून अधिक परिचारिका निवडल्या आणि त्यांना दरमहा दिले ७,७०० रुपये, ठोक. दोन वर्षांनी नियमित करण्याचे आश्वासन होते. नोव्हेंबर २०१७ मध्ये त्या चेन्नईच्या तेनाम्पेट भागात वैद्यकीय संचालनालयाच्या आवारात ठाण मांडून बसल्या, तेव्हा ते आश्वासन फार थोड्या जणींच्या बाबतीत पाळले गेले होते. निवड विसाव्या शतकाच्या सर्वोत्तम परंपरेतली आणि पगार रोजंदारीचा, अशी ही सांगड आहे. १९२९ च्या आयोगाने वशिल्याला दार बंद केले होते. पण पात्र उमेदवाराला आत घेऊन ओसरीवर बसवायचे, ही क्लृप्ती त्या वेळच्या कायदेकर्त्यांच्या ध्यानी आली नसावी.

न्यायालयांची भूमिकाही या काळात सरकली आहे. २००६ च्या उमादेवी निकालाने मागच्या दाराने आलेल्या हंगामी कर्मचाऱ्यांना कायम करण्यास चाप लावला, तो योग्यच होता. मात्र त्याचा आधार घेऊन सरकारे वर्षानुवर्षे नियमित कामे हंगामी माणसांकडून करवून घेऊ लागली. डिसेंबर २०२४ मध्ये जग्गो खटल्यात सर्वोच्च न्यायालयाला सांगावे लागले की, उमादेवी निकाल हा कर्मचाऱ्यांविरुद्ध वापरायचे शस्त्र नव्हे.

ऑक्टोबर २०२२ मध्ये तामिळनाडूने हा सारा प्रकार धोरण म्हणून मांडून पाहिला. कर्मचारी प्रशासन खात्याचे नाव तोवर ‘मानव संसाधन व्यवस्थापन’ असे झाले होते, आणि त्याची सूत्रे अर्थखात्यासह पलनिवेल त्यागराजन यांच्याकडे होती. निवृत्त सनदी अधिकारी एम. एफ. फारुकी यांच्या अध्यक्षतेखाली सुधारणा समिती नेमणारा ११५ क्रमांकाचा आदेश निघाला. तिच्या कार्यकक्षेत तृतीय आणि चतुर्थ श्रेणीची कामे बाहेरच्या यंत्रणांकडे देण्याचा विचारही होता. संघटना खवळल्या आणि थोड्याच आठवड्यांत मुख्यमंत्री स्टालिन यांनी ती कार्यकक्षाच रद्द केली. ज्यांना महाराष्ट्रातील घडामोडी ठाऊक आहेत त्यांना यातला पुढचा प्रसंग ओळखीचा वाटेल. ६ सप्टेंबर २०२३ रोजी महाराष्ट्र शासनाने नऊ खासगी संस्थांमार्फत कंत्राटी भरतीचा शासन निर्णय काढला आणि २० ऑक्टोबरला उपमुख्यमंत्री फडणवीस यांनी तो रद्द झाल्याचे जाहीर केले. दोन्ही राज्यांत धोरण म्हणून जे मांडता आले नाही ते व्यवहार म्हणून चालूच राहिले.

चेन्नई महापालिकेच्या रिपन बिल्डिंगसमोर ऑगस्ट २०२५ मध्ये याचेच दर्शन घडले. रायपुरम आणि तिरु. वि. क. नगर या दोन विभागांतील सफाईचे काम खासगी कंत्राटदाराकडे गेले, तेव्हा तेथील सफाई कामगारांनी, ज्यांत महिला आणि दलितांची संख्या मोठी होती, पदपथावर तळ ठोकला. पालिकेच्या हाताखाली महिन्याकाठी सुमारे २३ हजार रुपये हातात येत, कंत्राटदाराकडे १७ हजारांच्या आत येतील, हे त्यांचे गणित. यातले अनेक जण दशकाहून अधिक काळ तेच रस्ते झाडत होते. उच्च न्यायालयाने रस्ता मोकळा करण्यास सांगितल्यानंतर १३ ऑगस्टच्या मध्यरात्री पोलिसांनी त्यांना उचलले. सामाजिक न्यायाच्या राजकारणाची शतकभराची पुण्याई सांगणाऱ्या राज्यात बिंदुनामावली जिथे लागूच होत नाही, अशी कामे कोणाच्या वाट्याला येतात, हा प्रश्न त्या रात्री पोलिसांच्या बसगाड्यांत बसून गेला.

तिजोरीची बाजू खोटी नाही. २०२५-२६ च्या अर्थसंकल्पात राज्याने पगारांसाठी सुमारे ९० हजार कोटी आणि निवृत्तिवेतनासाठी सुमारे ४१ हजार कोटी रुपये धरले होते. महसुली उत्पन्न होते सुमारे ३ लाख ३१ हजार कोटी. म्हणजे रुपयातले चाळीस पैसे. २०१७ च्या वेतनवाढीने एकट्याने वर्षाला १४,७१९ कोटींचा बोजा टाकला होता. निवृत्तीचे वय मे २०२० मध्ये ५८ वरून ५९ आणि फेब्रुवारी २०२१ मध्ये ६० करण्यात आले, ते करोनाकाळात निवृत्तिलाभांची एकरकमी देणी पुढे ढकलण्यासाठीच, असा समज सचिवालयात कोणी लपवत नाही. त्या दोन वर्षांत रिकाम्या न झालेल्या खुर्च्यांची किंमत कोणी मोजली, हे उमेदवारांना विचारावे.

निवृत्तिवेतनाच्या प्रश्नावर मात्र तामिळनाडूला एक अनपेक्षित सवलत मिळाली. २००३ ची योजना आणूनही राज्य केंद्राच्या राष्ट्रीय निवृत्तिवेतन यंत्रणेत कधी सामील झाले नाही. कर्मचाऱ्यांचा पैसा राज्याच्याच ताब्यात राहिला. राजस्थान, छत्तीसगड, झारखंड यांनी जुनी योजना परत आणली तेव्हा त्यांना केंद्रीय यंत्रणेत जमा झालेली रक्कम हवी होती. डिसेंबर २०२२ मध्ये तत्कालीन अर्थ राज्यमंत्री डॉ. भागवत कराड यांनी लोकसभेतील लेखी उत्तरात अशा परताव्याची तरतूद कायद्यात नसल्याचे सांगितले आणि त्या राज्यांची कोंडी झाली. महाराष्ट्रात ‘एकच मिशन, जुनी पेन्शन’ या घोषणेवर मार्च २०२३ मध्ये सात दिवसांचा संप झाला. ऑगस्ट २०२४ मध्ये केंद्राने एकीकृत योजना आणताच महाराष्ट्राने दुसऱ्याच दिवशी ती स्वीकारली. तामिळनाडूने एका समितीमागून दुसरी समिती नेमत वाट पाहिली. विधानसभा निवडणुकीला काही महिने उरले असताना, ३ जानेवारी २०२६ रोजी स्टालिन यांनी स्वतःची हमी योजना जाहीर केली. शेवटच्या मूळ वेतनाच्या निम्मे निवृत्तिवेतन, त्यावर महागाई भत्ता, कर्मचाऱ्याचा वाटा दहा टक्के आणि उरलेला भार सरकारचा. त्यासाठी निधीत एकरकमी १३ हजार कोटी आणि दरवर्षी सुमारे ११ हजार कोटी घालावे लागतील, असे सांगण्यात आले. २००३ मध्ये आखलेली एक रेषा अशा रीतीने तेवीस वर्षांनी बऱ्याच अंशी पुसली गेली. वेतनश्रेणीत असलेल्यांसाठी. ठोक मानधनावरच्या माणसाला शेवटचे मूळ वेतनच नसते, मग त्याचे निम्मे कसे काढणार?

राजाजी भवन, सीमाशुल्क भवन, पेरांबूरचा डबा कारखाना किंवा दक्षिण रेल्वेचे मुख्यालय येथील मराठी अधिकाऱ्यांचे लक्ष साहजिकच आठव्या केंद्रीय वेतन आयोगाकडे लागले आहे. मुंबई उच्च न्यायालयातून सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या न्या. रंजना प्रकाश देसाई यांच्याकडे त्याचे अध्यक्षपद आहे. ऑक्टोबर २०२५ च्या अखेरीस कार्यकक्षा मंजूर झाली आणि अहवालाला अठरा महिन्यांची मुदत देण्यात आली. चहाच्या टपरीपासून संसद भवनापर्यंत चर्चा एकाच आकड्याची होते: गुणक किती? १.८६ झाला, २.५७ झाला, आता किती? तामिळनाडूने मागील दोन्ही खेपांना केंद्राचाच गुणक उचलला. या वेळीही तो उचलला आणि तोपर्यंत १ जून २००९ ची रेषा पुसली गेली नसेल, तर कॉलेज रोडवरच्या त्या शिक्षकांच्या ३,१७० रुपयांना तिसऱ्यांदा गुणाकाराला सामोरे जावे लागेल. त्यांच्यापैकी पहिल्या तुकडीचे शिक्षक तोवर निवृत्तीच्या जवळ आलेले असतील, आणि नव्या योजनेप्रमाणे त्यांचे निवृत्तिवेतन ठरेल ते याच मूळ वेतनावर.